तारेचा धुरा

आमचं गाव वैनगंगेच्या काठी, पवनीच्या अलीकडं. वरचा टोला आणि खालचा टोला असे त्याचे दोन तुकडे. वर शेतकरी, खाली आम्ही मासेमारी करणारे ढिवर. मध्ये शाळा, हातपंप आणि मारुतीचं देऊळ. माझ्या लहानपणी दोन्हीकडची मिळून सत्तर-ऐंशी घरं होती. आता त्याच्या निम्मीही उरली नाहीत. लोक विचारतात, गाव पुरात गेलं का, धरणात गेलं का. मी नाही म्हणते. गाव आम्हीच मारलं.

ते वसलं कसं याच्या दोन गोष्टी आहेत, आणि त्यातली खरी कोणती यावरूनही डोकी फुटलेली आहेत. आमच्या टोल्याची गोष्ट अशी की, आमच्या पूर्वजांना नदीच्या वरच्या अंगाच्या एका गावानं हाकलून दिलं. जाळी पेटवली, डोंगे फोडले. उरलेल्या एक-दोन डोंग्यांत बायकापोरं घालून ते धारेबरोबर खाली आले आणि इथं डोह खोल दिसला म्हणून थांबले. तेव्हा वर नुसतं जंगल होतं. वरच्या टोल्याची गोष्ट उलटी. त्यांच्या पूर्वजांनी आधी जंगल तोडलं, धानाच्या बांध्या पाडल्या, आणि मग पुरात उपाशी मरत आलेल्या चार ढिवरांना दया येऊन काठावर जागा दिली. "तुमाले आमी वसवलं," हे वाक्य प्रत्येक भांडणात वरून खाली यायचं. "आमी नसतो त तुमी नदी वलांडली असती का?" हे खालून वर जायचं. त्यानंतर दगड.

माझ्या आजोबांच्या डाव्या हाताला दोन बोटं कमी होती. त्यांच्या तरुणपणी वरच्या टोल्याची एक वरात डोंग्यांतून पलीकडं चालली होती. डोंगा कलंडला आणि नवरीचा भाऊ बुडाला. ढिवरांनी मुद्दाम बुडवला म्हणत वरची माणसं विळे घेऊन खाली आली. आजोबांनी तोंडावर येणारा विळा हातानं धरला. पुढच्याच आषाढात त्याच माणसाच्या बांधीत आजी रोवण्याला गेली, कारण धान रोवायला बायका आमच्याच टोल्यातून जायच्या आणि दुसरं काम नव्हतं. वरच्यांनाही पलीकडं जायला दुसरी नाव नव्हती. असं ते गाव. मारामारी करायची आणि महिनाभरानं एकमेकांच्या दारात उभं राहायचं.

माझा काका, म्हणजे बाबांचा धाकटा भाऊ, या सगळ्यातून सुटला होता असं आम्हाला वाटायचं. त्याचा जिवाभावाचा मैतर वरच्या टोल्यातला होता. दोघं गावच्या शाळेत एका बाकावर बसले, एकाच वर्षी नापास झाले. दिवाळीनंतर गावोगावी मंडई, म्हणजे जत्रा, भरायची, तिथं रात्रभर चालणारी नाटकं पाहायला दोघं एका सायकलवर जायचे. मैतराचं लग्न झालं तेव्हा नवरदेवामागं छत्री धरून काकाच उभा होता. काकाचं लग्न झालं तेव्हा मैतरानं आपल्या घरचा तांदूळ दिला. काकू मला म्हणायची, "तुह्या काकाचं पयलं लगन त्याच्यासंगच लागलं होतं, मी त दुसरी."

मी तेव्हा बारावी होऊन घरीच होते. भंडाऱ्याला पुढं शिकायला पाठवायचं की लग्न करायचं यावर घरात बोलणी चालली होती.

डुकरांचा त्रास त्याआधी काही वर्षं वाढला होता. नदीचं पाणी खाली अडवल्यापासून काठावरची शेतं ओली राहायला लागली, लोकांनी ती सोडली, आणि तिथं माणूस बुडेल इतकी झाडोरी माजली. रानडुकरं त्यात राहायची आणि धान पोटरीत आलं की कळपानं बांध्यांत उतरायची. खातात कमी आणि लोळून नासवतात जास्त. सकाळी बांधी बघितली तर कोणी रोलर फिरवल्यासारखी दिसायची. वरच्या टोल्यातली माणसं माचाणावर बसून डबे वाजवायची, फटाके फोडायची. डुकरं फटाक्यालाही सरावली. एका म्हाताऱ्यानं कुऱ्हाड घेऊन हाकलायचा प्रयत्न केला तर डुकरानं त्याची मांडी फाडली. त्याला खाटेवर टाकून आणताना मी पाहिलं होतं. खाटेखालून रक्त ठिबकत होतं आणि तो बुढा धानाबद्दलच बोलत होता.

मग कोणीतरी तार लावली. बांधीच्या कडेनं, म्हणजे धुऱ्यावर, लाकडाच्या खुंट्या ठोकायच्या, गुडघ्याच्या खाली उघडी तार ओढायची आणि तिला मोटारपंपाच्या लाइनीतून करंट द्यायचा. पहिल्या आठवड्यात एक मोठं डुक्कर चिकटून मेलं. त्याचं मटण वरच्या टोल्यात वाटलं गेलं, खालच्याही टोल्यात आलं. आमच्याही घरी शिजलं. कोणी काही म्हटलं नाही. पुढच्या हंगामात सगळ्याच धुऱ्यांवर तारा आल्या.

ढिवरांची नदीकडं जायची वाट मैतराच्या बांधीतून होती. दुसरी वाट झाडोरीतून, तिथं डुकरं. म्हणून काकाचं आणि मैतराचं ठरलं होतं. अंधार पडला की मैतर करंट चालू करायचा आणि पहाटे काका निघायच्या आत बंद करून घरी जायचा. जाताना काकाच्या दारावरून हाक द्यायचा, "चाल बे, वाट मोकळी हाय." ती हाक मी अंथरुणात ऐकायचे.

त्या दिवशी हाक आली की नाही ते मला आठवत नाही. काकूलाही आठवत नव्हतं. काका नेहमीसारखा उजाडायच्या आधी निघाला. दिवाळी होऊन गेली होती. हलकं धान कापून खळ्यावर त्याचे पुंजणे रचलेले होते, भारी धान अजून उभं होतं. काका दुपारपर्यंत परत आला नाही. बाबा घाटावर गेले तर काकाचा डोंगा खुंट्याला बांधलेला, आणि डोंग्यातला बांबू कोरडा.

सगळा गाव शोधायला लागला. दोन्ही टोले. सर्वांत पुढं मैतर होता. तो काठाकाठानं काकाच्या नावानं ओरडत फिरला, ओरडून त्याचा गळा बसला. ते दोन्ही दिवस त्यानं आमच्या घरी आपल्या बायकोच्या हातचं पिठलं-भात पाठवला, कारण आमच्याकडं चूल पेटली नव्हती. बाबांना तो म्हणाला, "भाऊ, वरच्या डोहात पाहा. तिकडं मरळ लागून राह्यली, असं तो परवा म्हणे."

बाबा दीड दिवस वरच्या डोहात गळ टाकत राहिले.

बाबांबद्दल एक सांगायला हवं. ते नदीतून प्रेतं काढायचे. कोणी पुलावरून उडी मारली, कोणी गणपती बुडवताना गेला, की ठाण्याचा माणूस मोटारसायकल घेऊन आमच्या दारात यायचा. बाबा जायचे, काढायचे, घरी येऊन अंगणातच अंघोळ करायचे आणि त्या दिवशी कोणाशी बोलायचे नाहीत. म्हणून तिसऱ्या दिवशी खालच्या वळणावर शेळ्या चारणाऱ्या बाईनं काहीतरी तरंगताना पाहिलं तेव्हा हवालदारानं नेहमीसारखं बाबांनाच बोलावलं. आम्ही सगळे मागं धावलो. काकूला दोन बायकांनी धरलं होतं.

बाबा छातीभर पाण्यात गेले. त्यांनी ते पालथं शरीर काखेत धरून काठावर आणलं आणि उताणं केलं. चेहरा ओळखण्यासारखा राहिला नव्हता. काकूनं कमरेचा करगोटा ओळखला. ती खाली बसली आणि वाळूत कपाळ आपटायला लागली. मग बाबांचं लक्ष पायाकडं गेलं. डाव्या नडगीवर काळा वळ होता. उजव्या तळहातावर तशीच काळी रेघ, आणि तिथलं कातडं आत खचलेलं. हवालदारानंही वाकून पाहिलं आणि तो हळूच म्हणाला, "हा बुडाला नाही. हे करंटचं हाय."

बाबांनी एकच विचारलं, "याची चप्पल कुठी हाय?"

कोणालाच माहीत नव्हतं. बाबा तसेच ओले, वाटेनं निघाले. हवालदार ओरडला की कोणी जागेवरून हलू नका, साहेब येऊन राह्यले. पण आमचा अर्धा टोला बाबांच्या मागं निघाला होता. मैतराच्या बांधीच्या धुऱ्यावर खुंट्या होत्या, तार नव्हती. बाकीच्या सगळ्यांच्या धुऱ्यांवर तार होती. धुऱ्यापासून नदीच्या दिशेनं उभ्या धानात एक पट्टा आडवा झालेला होता, माणूस ओढत नेल्यावर होतो तितक्या रुंदीचा. दोन दिवस येता-जाता सगळ्यांनी तो डुकरांचं काम समजून सोडून दिला होता. त्या पट्ट्याच्या सुरुवातीला चिखलात काकाची एक चप्पल रुतलेली होती. बाबांनी ती उपसून काढली, हातात धरली आणि वरच्या टोल्याकडं चालायला लागले. वाटेत त्यांनी कोणाच्या तरी डोंग्याचा बांबू उचलला. ज्याच्या हाताला जे लागलं ते प्रत्येकानं उचललं.

मैतर जेवायला बसला होता. बाबांना दारात पाहून तो भाताचा घास हातात घेऊनच उभा राहिला. बाबांनी चप्पल त्याच्या ताटात फेकली.

तो म्हणाला, "भाऊ, लाइट गेली होती."

तेवढंच बोलला. पुढचं त्यानं ठाण्यात सांगितलं. रात्री लाइट गेली, त्याला वाटलं आता उजाडेपर्यंत येत नाही, तो बटण न पाडताच घरी येऊन झोपला. पहाटे लाइट आली. जाग आल्यावर धावत गेला तर काका तारेवर. मग त्यानं आपल्या भावाला उठवलं आणि दोघांनी मिळून त्याला नदीत सोडलं.

अंगणात मात्र त्याला बोलायला वेळ मिळाला नाही. बाबांनी बांबू घातला तो त्याच्या कानावर बसला. तो पडला, तसे पंधरा-वीस जण त्याच्यावर तुटून पडले. मी कुंपणापाशी होते. मला लाथांचा आवाज आठवतो, ओलं पोतं बडवल्यासारखा. त्याची बायको पोरांना घेऊन मागच्या दारानं पळाली. त्याची आई, ऐंशीच्या घरातली बुढी, कशी कोण जाणे त्या गर्दीत शिरली आणि लेकाच्या अंगावर आडवी झाली. "माह्या पोराले मारू नका, मले मारा," म्हणत होती. आमच्यातल्या दोघांनी तिचे पाय धरून तिला ओढून बाजूला टाकलं. तिचं कमरेचं हाड मोडलं. ती त्याच थंडीत गेली. ते दोघं कोण, ते मला माहीत आहे. त्यातला एक मला लहानपणी खांद्यावर बसवून नदी दाखवायचा.

मग काकू आली. तिचं कपाळ वाळूनं आणि रक्तानं भरलेलं होतं. माणसांनी तिला वाट दिली. ओट्याला मुसळ टेकून ठेवलेलं होतं. ते तिनं उचललं आणि मैतराच्या तोंडावर एकदाच घातलं. त्याचा डावा डोळा तिथंच गेला.

त्या वेळी खळ्याकडून धूर आला. पुंजण्याला आग कोणी लावली हे आजतागायत कोणी कबूल केलेलं नाही. मैतराचा पुंजणा पेटला, वारा होता, शेजारचे चार पेटले. त्या चौघांचा या प्रकरणाशी काही संबंध नव्हता. वर्षाचं धान डोळ्यांदेखत लाह्यांसारखं फुटत होतं. एका पुंजण्याच्या आडोशाला वासरू बांधलेलं होतं आणि ते सोडायला कोणी पोचू शकलं नाही. त्याचं हंबरणं थांबेपर्यंत मी दोन्ही कानांवर हात ठेवून उभी होते.

वरच्या टोल्यातले अर्धे लोक तोवर काय करावं न कळून दूर उभे होते. काही तर रडत होते, कारण काका त्यांनाही आवडायचा. पण धान पेटल्यावर ते सगळे एक झाले. कुऱ्हाडी, विळे, बैल हाकायच्या तुतारीच्या काठ्या घेऊन आले. "तुमाले वसवलं, त आमालेच जाळता?" असं कोणीतरी ओरडलं आणि खळ्यावर जी जुंपली ती मला सलग आठवत नाही, तुकडे आठवतात. मैतराच्या भावाची कुऱ्हाड बाबांच्या उजव्या खांद्यात रुतली आणि ती काढायला त्यानं बाबांच्या बरगडीवर पाय दिला. आमच्या शाळेत पोषण आहार शिजवणारी बाई दुसऱ्या बाईचे केस हाताला गुंडाळून तिचं डोकं बैलगाडीच्या चाकावर आपटत होती. मला एक दगड भुवईवर लागला आणि पुढचं सगळं लाल दिसायला लागलं.

आम्ही खाली पळालो तर ते मागं आले. घाटावरचे डोंगे त्यांनी घणानं फोडले, वाळत घातलेली जाळी गोळा करून पेटवली. नायलॉनचा तो काळा, नाकात चिकटणारा धूर टोल्यात भरला. पोलिसांची गाडी आली तेव्हा वर धान जळत होतं आणि खाली जाळी. काका अजून वळणावर वाळूतच होता. त्याच्यापाशी एक हवालदार आणि ती शेळ्यावाली बाई, एवढेच थांबले होते.

दोन्ही टोल्यांतली माणसं गाड्या भरभरून नेली. बाबांना पट्टी बांधलेली असतानाच दवाखान्यातून अटक झाली. मैतर नागपूरला महिनाभर पडून होता. जगला. नंतर तो आणि त्याचा भाऊ जेलात गेले.

गाव ओसरायला लागलं ते तिथून. आमच्याकडचे ज्यांची नावं केसमध्ये येतील अशी भीती होती ते पहिल्याच आठवड्यात पसार झाले. कोणी नागपूरला बांधकामावर, कोणी हैदराबादेकडं. वर्षभरानं त्यांनी बायकापोरांनाही नेलं. वर ज्यांचं धान जळालं त्यांतले दोघं शेती विकून भंडाऱ्याला गेले. मैतराची बायको पोरांना घेऊन माहेरी गेली. उरलेल्यांनी एकमेकांच्या वाटा बंद केल्या. वरच्यांनी बांध्यांतून जाऊ दिलं नाही, म्हणून आमची माणसं झाडोरीतून जायला लागली. आम्ही त्यांना पलीकडं न्यायचं बंद केलं. रोवण्याला ते बाहेरगावच्या बायका आणायला लागले. शाळेतही वरची पोरं खिडकीच्या बाजूला आणि खालची दाराच्या बाजूला बसायची, आणि मग पोरंच इतकी कमी झाली की शाळा बंद झाली. पूर्वी भांडणानंतर महिनाभरात जे व्हायचं ते या वेळी झालं नाही.

बाबा जामिनावर सुटून आले, पण त्यांचा हात पुन्हा खांद्याच्या वर गेला नाही. जाळं फेकता येत नाही म्हणून ते दारात बसून राहायचे. एकदा ठाण्यातून माणूस आला, पुलाखाली कोणी अडकलंय म्हणाला. बाबा म्हणाले, "आता माह्याच्यानं होत नाही. आन् होत असतं तरी नसतो आलो." काही वर्षांनी ते गेले. त्याआधी मोहाडीला माझं लग्न त्यांनी स्वतः लावून दिलं, एवढं समाधान त्यांना मिळालं.

काकू मात्र बसली नाही. तिला मूलबाळ नव्हतं. आमच्यात बायका मासे विकतात, जाळं टाकत नाहीत. तिनं उसना डोंगा घेतला आणि स्वतः नदीत उतरली. आधी लोक हसले, मग सवय झाली.

मैतर सुटून आला तेव्हा मी माहेरी आलेली होते. तो एकटाच त्या घरात राहायला लागला. वरच्या टोल्यातलेही त्याच्याशी फारसं बोलत नव्हते, त्याच्या एका बटणापायी त्यांचं धान गेलं होतं. काकू दुपारी मला म्हणाली, "चाल माह्यासंग, मले त्याले एक गोष्ट पुसाची हाय." मला भीती वाटली. तिच्या हातात काही नाही हे मी दोनदा पाहून घेतलं.

तो ओट्यावर बसला होता. आम्हाला पाहून उठला नाही, भिंतीला आणखी सरकला. एक डोळा मिटलेला, गाल आत गेलेले. मला तो म्हातारा वाटला. काकाच्या वयाचा माणूस.

काकू अंगणातच उभी राहिली. "तुले काही करत नाही," ती म्हणाली. "येवढंच सांग. नदीत टाकला तवा त्याचा जीव होता का गेला होता?"

तो म्हणाला, "मले वाटलं गेला, वहिनी. अंग थंड नोहोतं, पन हालत नोहोता. छातीले कान लावाची हिंमत झाली नाही."

"मंग?"

"पान्यात सोडला तवा हात हालला."

काकूनं विचारलं, "कसा हालला?"

त्यानं आपला हात पुढं करून दाखवलं, पंजा अर्धा उघडून परत मिटला. "धारेनं हालला का त्यानं हालवला, मले नाही समजलं. भाऊ म्हने चाल लवकर, उजाडून राह्यलं. आमी पळालो. वहिनी, मी जेलात रोज ते पाहत होतो. मले अजून नाही समजलं."

मला वाटलं काकू आता त्याला मारणार. मी तिचा दंड धरला. पण ती तशीच उभी राहिली आणि मग इतक्या हळू बोलली की त्याला पुढं वाकून ऐकावं लागलं. "तू दोन दिवस आमच्या घरी भात पाठवला. तो मी खाल्ला." मग ती वळली. घरी येऊन तिनं ओकारी काढली, तो भात इतक्या वर्षांनी पोटात असावा तशी. त्यानंतर ती माझ्याशी त्याच्याबद्दल कधी बोलली नाही.

गेल्या वर्षीची गोष्ट. धान पोटरीत आलं होतं. काकू झाडोरीतून नदीकडं जात असताना तिला वरच्या टोल्यातल्या एका धुऱ्यावर नवी तार दिसली. घटनेनंतर काही वर्षं कोणी तारा लावल्या नव्हत्या. पण गाव ओस पडत गेलं तशी डुकरं वाढली. रिकाम्या घरांतून ती व्यायला लागली, दिवसाढवळ्या देवळापुढून जायला लागली. शेतकऱ्याचं म्हणणंही खोटं नव्हतं, की तार नाही लावली तर घरी दाणा येत नाही.

काकूनं त्याला काही विचारलं नाही. दिवसा करंट नसतो हे तिला माहीत होतं, तरी तिनं आधी डोंग्याचा कोरडा बांबू तारेवर टाकून खुंट्या मोडल्या, मग तार गुंडाळून नदीत फेकली. त्यानं दुसऱ्या दिवशी नवी लावली. तिनं तीही उपटली. तिसऱ्या वेळी त्याची दोन पोरं दबा धरून होती. मी माहेरी होते, ओरडणं ऐकून धावत गेले. त्यांनी तिला बांधीच्या चिखलात पाडलं होतं आणि एक जण तिच्या हातावर उभा होता. तार सोड म्हणत होता. ती सोडत नव्हती. तिनं त्याच्या पोटरीचा असा चावा घेतला की मांस लोंबायला लागलं. मी पडलेली खुंटी उचलून दुसऱ्याच्या पाठीत घातली. शिव्या ऐकून खालचे तीन-चार जण आले, वरचेही आले, आणि क्षणभर मला वाटलं आता परत सगळं तसंच होणार. पण दोन्हीकडं मारणारे हात फार उरले नव्हते. एका म्हाताऱ्यानं मध्ये पडून त्या पोरांना मागं ओढलं.

मैतराचं घर तिथून दिसतं. तो ओट्यावर उभा होता. त्यानं सगळं पाहिलं आणि आत जाऊन दार लावलं.

ती तार परत लागली नाही. मारामारीची तक्रार गेल्यावर लाइनमन आला, त्यानं मोटारीची जोडणीच कापली. त्या शेतकऱ्याचं धान डुकरांनी त्या हंगामात मातीला मिळवलं आणि त्यानं काकूला सगळ्या गावासमोर तळतळून शाप दिले. काकूनं ऐकून घेतले.

मारामारीच्या दिवशीच मी तिला ऑटोत घालून भंडाऱ्याला नेलं होतं. मनगट दोन ठिकाणी मोडलेलं, ओठ फाटलेला. प्लास्टर करणारा पोरगा बोलका होता. कोणतं गाव, आजी, म्हणून त्यानं विचारलं. काकूनं सांगितलं. त्यानं नाव ऐकलं नव्हतं. "नदीकाठी का? तिकडची गावं त खाली होऊन राह्यली म्हंतात. तुमच्या गावात कोनी राह्यते का आता?"

काकूच्या ओठाला टाके होते, बोलताना दुखत होतं.

"राह्यते न बापा," ती म्हणाली. "भांडाले पुरेल इतके राह्यते."

पोरगा हसला. मलाही हसू आलं. काकू हसली नाही, तिनं प्लास्टर किती दिवसांनी निघेल ते विचारलं.